महाराष्ट्राबाहेरचं मराठी बालपण: आपापले अनुभव लिहा

सुरसागरकाठची
कपाट आवरताना नवरात्रातला फोटो सापडला. मी चणियाचोळीत, मागे देव्हाऱ्यात घट. बडोद्यात आमचं असंच. घटाला माळ, आरती, प्रसाद तोंडात कोंबून गरब्याला धूम! संक्रांतीला तिळगूळ वाटला की गच्चीवर पतंग, 'काय पो छे' (काटला रे!) ओरडून घसा बसायचा. 15 तारखेला परत वासी उत्तरायण, म्हणजे पतंगांचा दुसरा दिवस. शेजारी आम्हाला 'दक्षिणी' म्हणायचे आणि पुण्यात मामेभाऊ 'आली गुजरातीण' म्हणून ओरडायचा. तुमचं कसं होतं?

पोहेजलेबी
इंदूर! सासरी कोकणात पहिल्यांदा पोहे केले, वर शेव नि जिरावण (आमचा इंदुरी मसाला) भुरभुरलं. सासूबाई बघतच राहिल्या. आता मीच विसरले तर त्या आठवण करतात 😄

सीमेवरचा
बेळगाव. 1 नोव्हेंबरला एकीकडे कर्नाटकचा राज्योत्सव, दुसरीकडे मराठी लोकांचा काळा दिवस. माझा जिगरी दोस्त कन्नड. त्या दिवशी दोघांनाही घराबाहेर सोडत नसत. मग मधल्या भिंतीवर बसून ट्रम्प कार्ड. तो त्याच्या आईला कन्नडमध्ये सांगायचा मी चीटिंग करतो म्हणून, मला सगळं कळायचं. बाकी राजकारण इथे नको, कुकर लावलाय.

सुरसागरकाठची
@सीमेवरचा करत होतास का पण चीटिंग?

सीमेवरचा
हो मग!

आजीची_नात
मी इस्राएलमधून. बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. मराठी आजीकडून शिकले, सांभाळून घ्या. आजी रेवदंड्याची. शुभकार्याला मलिदा: भिजवलेले पोहे, खोबरं, गूळ, फळं. शाळेत मुलं 'होदी' म्हणजे हिंदी लोक म्हणून चिडवायची. आजोबा सांगत, आपण खरे ज्यू का यावरून लग्नं अडायची, 1964 साली लोकांनी जेरुसलेममध्ये धरणं धरलं तेव्हा कुठे प्रश्न सुटला. अलिबागला रिक्षावाल्याने मला भाडं इंग्रजीत सांगितलं. मी मराठीत घासाघीस केली, तर तो म्हणाला, "ताई, आधी बोलायचं ना!"

पोहेजलेबी
मलिद्यात वेलची घालता का गं?

आजीची_नात
हो, भरपूर.

नुसताच_वाचक
मी जन्मभर साताऱ्यात, अनुभव शून्य. ते जिरावण पुण्यात कुठे मिळेल?

पोहेजलेबी
घरी करा. जिरं, धणे, बडीशेप भाजून आमचूर, काळं मीठ, हिंग, तिखट घालून दळायचं. पण इंदूरची चव नाही येत. तिकडून कोणी येतंय का? माझंही संपलंय.