बापाचं पुस्तक हाय काय?

मंगळवारपेठ

परवा करवीर नगर वाचन मंदिरात पुस्तक बदलायला गेले होते. माझ्या पुढं एक आजोबा, टोपी-धोतर, सोबत कॉलेजातली नात. आजोबांनी विचारलं, "आईचं झालं वाचून. आता बापाचं पुस्तक हाय काय एखादं?" त्यांना दिसत नाही, नात रोज संध्याकाळी वाचून दाखवते आणि 'श्यामची आई' नुकतीच संपली, हे मला मागाहून कळलं.

आमच्या घरीही आनंद यादवांचं 'झोंबी' असंच मोठ्यानं वाचलं गेलंय. मी तेव्हा अकरावीत. आप्पांना, म्हणजे माझ्या वडिलांना, चौथीतनं काढून मोटेवर लावलेलं. अक्षर लावून लावून पेपर वाचायचे, पण जाड पुस्तकाला हात लावायचे नाहीत. कागलच्या माणसानं लिहिलंय म्हटल्यावर ऐकायला बसले. पुस्तकातला बाप, म्हणजे दादा, आंदूला शाळेतनं काढतो तिथं आले, तर आप्पा उठून गोठ्यात गेले. आई म्हणाली, थांब आता. दुसऱ्या दिवशी जेवताना त्यांनीच विचारलं, "म्होरं काय झालं त्या पोराचं?"

मग पुस्तकात मायलेक गावातल्या वजनदार दत्ताजीरावांच्या वाड्यावर जाऊन गाऱ्हाणं घालतात आणि वर सांगतात, आम्ही आलो होतो हे दादाला कळू देऊ नका. त्यावर आप्पा इतके हसले की आई चुलीपासनं उठून बघायला आली. दत्ताजीराव दादाला झापतात ते पान त्यांनी परत वाचायला लावलं. आणि म्हणाले, "आमच्या बापाला कोण दत्ताजीराव भेटला न्हाई."

आजोबांविषयी त्यांच्या तोंडून मी ऐकलेलं ते पहिलं वाक्य. त्यानंतर बोलत गेले. कर्ज किती होतं, कुणाच्या वाट्यानं रान केलं होतं, बैल कसा मेला. तोवर आम्हा भावंडांना आजोबा म्हणजे भिंतीवरचा फोटो.

तुमच्या घरात असं एखादं पुस्तक आलंय का, ज्यानं आई-बापाशी बोलायला वाट करून दिली? पुस्तक चांगलं की वाईट ते राहू दे. तुमच्या घरात काय झालं ते लिहा.

दूधकट्टा

पहिला नंबर. झोंबी मी पण वाचलंय, पण दादाला माफी नाही. पोरगं रानात राबतंय आणि हा गडी दिवसभर गावात फिरतोय. गरिबी वेगळी आणि हे वेगळं.

कागलची लेक

दूधकट्टा भाऊ, तुमचा राग खरा आहे. पण त्याच पुस्तकात गुऱ्हाळाचं आहे बघा. दादा सगळ्यांच्या आधी गुऱ्हाळ लावायचा, कारण पुढं बाजारात गूळ लई आला की भाव पडायचा. हिशोब कळत होता त्याला. आमच्याकडं अजून हेच चालतं, फक्त आता पोरं शाळेत जातात. यंदा गुळाला भाव काय लागलाय कुणाला माहिती आहे का? आमच्या चुलत्यांचं अजून निघायचंय.

दूधकट्टा

हिशोब कळत होता म्हणूनच तर राग येतो ताई. गुळाचा कळला, पोराचा नाही कळला.

(भाव मार्केट यार्डातनं विचारून सांगतो.)

फौंड्रीवाला

जेवणाच्या सुट्टीत लिहितोय, गडबडीत.

नरेंद्र जाधवांचं 'आमचा बाप आन् आम्ही'. त्यातली एक गोष्ट डोक्यात बसली. वडील मुंबईत पोर्ट ट्रस्टमध्ये नोकरीला होते. निवृत्तीनंतर मुलानं त्यांना आठवणी लिहायला बसवलं आणि बापानं त्या लिहिल्या. आमचे वडील उद्यमनगरात मोल्डर, म्हणजे ओतकामाचे वाळूचे साचे करणारे. रिटायर झाल्यावर नुसते दारात बसायचे. मी दोनशेपानी वही आणि पेन दिलं. म्हणाले, मी काय लिहू, मला काय येतंय. म्हटलं वाळूचं लिहा.

लिहिलं की वो! वाळूत पाणी किती पाहिजे ते मुठीत दाबून कसं ओळखायचं. ओल जास्त झाली की वाफ धरते आणि कास्टिंगला भोकं पडतात. वाळूचा साचा भट्टीचा रस ओतताना फुटला तर कुठल्या बाजूला उडी मारायची. पायावर डाग कशाचा, तेही त्यातच कळलं. आम्हाला लहानपणी सांगितलेलं, गरम पाणी सांडलं म्हणून.

वही अर्धी भरली आणि ते गेले. आता ती आईच्या ट्रंकेत आहे, मागितली तरी देत नाही. तिच्यासमोर बसून वाचायची परवानगी आहे.

घंटा झाली, जातो.

मंगळवारपेठ

फौंड्रीवाला दादा, वाचून थांबले काही वेळ. आईंना नमस्कार सांगा. त्या वहीचे मोबाइलवर फोटो काढून ठेवा, त्यांच्यासमोर बसूनच काढा हवं तर.

शाहूपुरीची आई

आमची मुलगी दत्तक आहे. तिला लहानपणापासून माहीत आहे, लपवलेलं काही नाही. आठवीत असताना शाळेत कुणीतरी बोललं, "तुझी खरी आई कुठाय?" घरी येऊन बोललीच नाही. मला शब्द सापडेनात.

माझ्या सासऱ्यांनी तिला शिवाजी सावंतांचं 'मृत्युंजय' दिलं. मला भीती वाटली, कर्णाचं दुःख वाचून पोर आणखी खचेल. झालं उलटं. तिच्या मनात कुंतीपेक्षा कर्णाला वाढवणारे राधा आणि अधिरथ घर करून बसले. त्यांचा मुलगा शोण तर इतका आवडला की मला असा भाऊ पाहिजे म्हणाली. मग सासऱ्यांनी मूळ महाभारतातलं उद्योगपर्व काढलं. कृष्ण कर्णाला जन्माचं रहस्य सांगतो, राज्य देऊ करतो. तेव्हा कर्ण काय म्हणतो? मला बघून राधेला पान्हा फुटला, तिनं माझी घाण काढली, अधिरथानं माझे संस्कार केले, त्यांना मी कसं सोडू? हे वाचून मुलगी आत आली आणि माझ्या शेजारी झोपली.

आणखी एक. वि. स. खांडेकर स्वतः दत्तक गेलेले. जन्माचं नाव गणेश आत्माराम, दत्तक घराण्यात विष्णू सखाराम झाले. शिवाजी विद्यापीठात त्यांचं स्मृती संग्रहालय आहे, तिथं तिला घेऊन गेलो होतो. प्रत्येक वस्तूपाशी थांबून बघत होती.

आजरेकर

शिवाजी सावंत आमच्या आजऱ्याचे!! कोल्हापुरात राजाराम हायस्कूलमध्ये नोकरी करत लिहिलं त्यांनी. १९६७ ला आलं पुस्तक. ताई तुमच्या लेकीला खूप आशीर्वाद.

पाचगावची वहिनी

वाचन मंदिर रविवारी उघडं असतं काय? धाकट्याला घेऊन यायचं म्हणतोय मी.

मंगळवारपेठ

वहिनी, फोन करून या, सणावाराला वेळ बदलते. १८५० सालची संस्था आहे, धाकट्याला हेही सांगा. आमच्या घरात तिथलं कार्ड असलेली मी पहिली.

दोहा-गडहिंग्लज

सगळे झोंबीवर आहेत, मी 'ययाति'चं सांगतो. कॉलेजला असताना ते देवयानी-शर्मिष्ठेसाठी वाचलं होतं. इथं दोह्यात कॅम्पात परत वाचलं तर पुरू दिसला. बापाचं म्हातारपण अंगावर घेणारा पोरगा. आणि घर सोडून गेलेला ययातीचा थोरला भाऊ यती. नहुषाची मुलं सुखी होणार नाहीत हा शाप दोघांनाही, एक राज्यात बसून भोगतो, एक रानात.

वडील फोनवर परत ये कधीच म्हणत नाहीत. म्हणतात, काजूला मोहर चांगला आहे. शेजारच्यानं ट्रॅक्टर घेतला. तुझी खोली रंगवून घेतली. मला कळतं काय म्हणायचंय ते. पण इथल्या पगारावरच बहिणीचं शिक्षण आणि घराचा हप्ता चाललाय. खांडेकरांनी पुरूला मोठं केलं, मला ते खरं वाटतं, पण पुरूच्या मनात त्या क्षणी काय काय आलं असेल ते कुणाशी तरी बोलावंसं वाटतं. म्हणून इथं लिहिलं.

कागलची लेक

दादा, खोली रंगवली म्हणजे येशील तेव्हा ये असं म्हणालेत ते. सुट्टीला आलास की ययाति त्यांच्याच हातात दे. त्यांनी पण वाचू दे पुरू.

फौंड्रीवाला

+१. आणि बहिणीचं शिक्षण म्हणजे काय कमी आहे काय. लढ भावा.

उपनगरातली मावशी

माझा भाचा पुण्यात सीबीएसईला. बारावीच्या हिंदीच्या पुस्तकात 'जूझ' नावाचा धडा, तो झोंबीचाच अनुवादित भाग आहे. आंदूजवळ कागद नसला की म्हशीच्या पाठीवर काडीनं कविता लिहितो, सौंदलगेकर मास्तर त्याला चाल लावून म्हणायला शिकवतात, सगळं त्यात आहे. भाच्यानं मला फोन करून विचारलं, मावशी कागल कुठंय? मी त्याला मे महिन्यात एसटीनं घेऊन गेले. पोरगं शहरातलं, म्हशीच्या पाठीला हात लावून बघत होतं.

शांत वाचक

'श्यामची आई'तल्या बापाबद्दल कुणीच बोलत नाही. 'अळणी भाजी' आठवा. आई मीठ घालायला विसरते, वडील एक अक्षर न बोलता जेवतात, वर भाजी छान झाली म्हणतात. साने गुरुजींनी ३३ साली नाशिकच्या तुरुंगात हे पुस्तक लिहिलं, तिथं बसून त्यांना हा बापही आठवला. माझे वडील कडक, पण आईच्या स्वयंपाकाला त्यांनी कधी नाव ठेवलं नाही. तो धडा वाचल्यावर मी आईला विचारलं, बाबा असेच का गं? ती म्हणाली, तुझी आज्जी रोज ताटावरनं बोलणी खायची, ते त्यानं लहानपणी बघितलंय.

गंगावेस

प्रकाश नारायण संतांचा लंपन कुणी घेतला नाही अजून? 'वनवास'! आई-बाबा दुसऱ्या गावी, पोरगं आजी-आजोबांकडं. मी पण असाच आजोळी वाढलो, पन्हाळ्याच्या पायथ्याला. आई दर पौर्णिमेला जोतिबाला यायची, तेवढीच भेट. सविस्तर नंतर लिहितो, आता दुकानात गर्दी आहे.

जयंती नाल्याकाठी

२०१९ च्या पुरात आमची पुस्तकं भिजली, त्यात आईनं मला दहावीला दिलेलं झोंबी पण होतं. पहिल्या पानावर तिचं अक्षर. बाकी सगळं सोडलं, ते एक वाचवलं. पानांमध्ये कोरे कागद घालून सावलीत, फॅनखाली. कागद भिजले की बदलायचे. उन्हात ठेवू नका कुणी, पानं वाकडी होतात. आईच्या अक्षराची शाई पसरलीय, पण वाचता येतं. 'नांगरणी' मात्र गेलं. झोंबीचा तो पुढचा भाग परत वाचायचाय. कुणाकडं जुनी प्रत आहे का?

दूधकट्टा

आहे माझ्याकडं. संध्याकाळी सातनंतर कट्ट्यावर असतो, घेऊन जावा. वाचून झाल्यावर दादाबद्दल तुमचं काय मत ते सांगायचं, एवढीच अट.

पाचगावची वहिनी

दूधकट्टा भाऊ, मग नंबर लावते माझा पण.