तारामतीला कुणी विचारलं का?

गिरगावकर: काल इथे एकाने लिहिलं, ‘राजा हरिश्चंद्र ही सत्यवचनाची कथा, तारामती नुसती नवऱ्यामागे चालते.’ रात्रभर तेच डोक्यात. अहो, काशीच्या राजपुत्राच्या खुनाचा आळ येतो कुणावर? न केलेला खून ती कबूल करते, नवऱ्याच्याच तलवारीखाली मान देते. मग शंकर प्रकटतो, विश्वामित्र म्हणतात ही परीक्षा होती. परीक्षा त्याची आणि मान हिची! ३ मे १९१३ ला मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागलेल्या आपल्या पहिल्या चित्रपटात हे आहे, आणि आपण अजून फक्त त्याच्या सत्याची आरती करतोय.

नाट्यवेडा: ते मीच लिहिलं. आजचा चष्मा १९१३ ला लावू नका. आणि पडद्यावरची तारामती होती कोण? अण्णा साळुंके, ग्रँट रोडच्या खाणावळीतला आचारी! दहाच्या जागी पंधरा रुपये देऊन आणलेला. बाईचं दुःख म्हणता, त्यात बाईच नाही.

मुक्ता: नाही कशी? दादासाहेब फाळक्यांच्या बायकोचे, सरस्वतीबाईंचे दागिने या चित्रपटापायी गेले, फिल्म त्यांनी धुतली, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांनी केला. तारामतीचा मुलगा रोहिदास झाला त्यांचा भालचंद्र. त्याची खरी आई रांधतेय आणि पडद्यावरची आई आचारी!

नाट्यवेडा: विषय तारामतीचा चाललाय. फाळक्यांनी बायका शोधल्या, कुणी उभी राहिना. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत, कमलाबाई आल्याच ना?

मुक्ता: म्हणजे सरस्वतीबाईंचं नाव काढलं की विषयांतर? शाळेत आम्हाला फक्त दादासाहेब शिकवले. संताप येतो.

रीळवाला: भांडताय कशावरून? चार रिळांतलं पहिलं आणि शेवटचं उरलंय. तेही १९१७ च्या पुनर्चित्रणाचं, असं अभ्यासक म्हणतात. अभिनयावर बोलताना जपून.

गिरगावकर: रिळं राहू द्या. माझ्या आजीवर सासरी पाटली चोरल्याचा आळ आला होता. वर्षभर तिच्या हातचं पाणी कुणी घेतलं नाही. पाटली तांदळाच्या कणगीत सापडली. सगळे म्हणाले, ‘देवाने लाज राखली.’ माफी एकानेही मागितली नाही. शंकर प्रकटला की लोक टाळ्या वाजवतात, मला आजी आठवते.

नाट्यवेडा: आजींचं वाचून वाईट वाटलं. ‘नुसती मागे चालते’ हे मागे घेतो. तेवढंच. चष्म्याचं म्हणणं कायम.

मुक्ता: आणि सरस्वतीबाईंना विषयांतर म्हणालात, ते?