लिंक्डइनवर ब्लॉक काढले, पण शिफारस परत आली नाही

कोथरूडकर: दोन वर्षांपूर्वी हिंजवडीतील एक नोकरी सोडताना, वादाच्या भरात, मी माझ्या वरिष्ठांना लिंक्डइनवर ब्लॉक केले होते. खराडीतील ज्या कंपनीत सोमवारी माझी मुलाखत आहे तेथेच ते रुजू झाल्याचे कळल्यामुळे काल रात्री मी ब्लॉक काढले. तरीही ते माझ्या कनेक्शनमध्ये दिसत नाहीत आणि त्यांनी माझ्यासाठी लिहिलेली शिफारसही प्रोफाइलवर नाही. त्यांना याची सूचना गेली असेल का? मुलाखतीपर्यंत पुन्हा ब्लॉक करून ठेवावे का?

सिंहगड रस्ता: ब्लॉक केल्याची किंवा काढल्याची सूचना समोरच्या व्यक्तीला जात नाही. मात्र ब्लॉक करताच कनेक्शन तुटते आणि एकमेकांना दिलेल्या शिफारशी व एन्डॉर्समेंटही (प्रोफाइलवरील कौशल्यांना दिलेली पुष्टी) निघून जातात. ब्लॉक काढल्यावर यांतील काहीही आपोआप परत येत नाही. कनेक्शनसाठी नव्याने विनंती पाठवावी लागेल आणि शिफारस त्यांच्याकडूनच पुन्हा लिहून घ्यावी लागेल, जे मागणे तुमच्या परिस्थितीत अवघडच आहे. पुन्हा ब्लॉक करायचे म्हटले, तरी एकदा काढल्यावर त्याच व्यक्तीसाठी ४८ तास थांबावे लागते.

मगरपट्ट्यातील एचआर: पुन्हा ब्लॉक करण्यात मला अर्थ दिसत नाही, कारण सार्वजनिक प्रोफाइल खुले असेल तर ब्लॉक झालेली व्यक्तीही लॉगआउट होऊन ते पाहू शकते. शिवाय मुलाखत घेणाऱ्यांकडे तुमचा बायोडेटा असणारच. विनंती पाठवायची असेल तर विचार करूनच पाठवा. घाबरून ती मागे घेतलीत, तर त्याच व्यक्तीला पुन्हा पाठवण्यासाठी तीन आठवड्यांपर्यंत थांबावे लागू शकते. खरे तर तेव्हा अनफॉलो करणे पुरेसे होते: त्यांच्या पोस्ट दिसल्या नसत्या आणि शिफारसही टिकली असती. केवळ कनेक्शन काढले असते, तरी शिफारस गेलीच असती.

कोथरूडकर: अनफॉलोचा पर्याय तेव्हा सुचलाच नाही, कारण राग पोस्टचा नव्हता, माणसाचा होता. आज दुपारी दोन ओळींच्या टिपणासह विनंती पाठवली आहे आणि ती मागे घेणार नाही. शिफारशीचा विषय मुलाखत झाल्यानंतरच काढीन.

सिंहगड रस्ता: टिपणात जुन्या वादाचा उल्लेख केला नसेल, अशी आशा आहे.

कोथरूडकर: नाही. फक्त एकत्र केलेल्या प्रकल्पाचे नाव लिहिले आहे.