टायमिंग चेन : "व्हाइटनरच्या खुणा पुरतात" म्हणणाऱ्यांना उत्तर

तळेगावकर
टायमिंग चेन म्हणजे इंजिनात पिस्टनने फिरणारा क्रँक आणि व्हॉल्व उघडणारा कॅम यांना जोडणारी चेन. ती दोघांच्या दातेरी चाकांवर (स्प्रॉकेट) चढते आणि व्हॉल्व वेळेवर उघडायचं टायमिंग धरते. तिच्यावर परवा इथे एक पोस्ट आली. "चेनच्या इंजिनाला टायमिंग बघायची भानगड नसते, चेन लाईफटाईम. बदलायचीच झाली तर जुन्या चेनवर आणि स्प्रॉकेटवर व्हाइटनरने खुणा करा, कड्या मोजून नवी चढवा, झालं. लॉकिंग पिना वगैरे पैसे काढायचे धंदे." तिला इतके अंगठे पडलेत की गप्प बसवेना, म्हणून हे लांबलचक.

चेन सहसा तुटत नाही, ती लांब होते. प्रत्येक कडीतली पिन आणि बुश झिजतात, एकेका ठिकाणची झीज डोळ्याला दिसणार पण नाही, पण शंभरेक कड्यांची बेरीज झाली की चेन ताणून धरणारा टेन्शनर बाहेर येत येत संपतो. मग सकाळी थंड इंजिन चालू केलं की दोन-तीन सेकंद खळखळ, ऑईलचं प्रेशर आलं की बंद. लोक म्हणतात डिझेल आहे, आवाज करणारच. अहो ती चेन गाईडवर, म्हणजे ती जिच्यावरून सरकते त्या पट्टीवर, आपटतेय. आणि एक दिवस ती एक दात उडी मारते. कॅमच्या स्प्रॉकेटला ३६ दात धरले तर एक दात म्हणजे कॅमचे १० अंश आणि क्रँकचे २०. डिझेलमध्ये पिस्टन टॉपला आला की व्हॉल्वला जागा किती उरते ते हेड उघडलेल्या कुणालाही विचारा.

आता पिना. १२४८ सीसीचं मल्टिजेट डिझेल इंजिन घ्या, रांजणगावला आणि मानेसरला बनायचं, स्विफ्ट, डिझायर, रिट्झ, व्हिस्टा, पुंटो सगळ्यांत तेच. एप्रिल २०२० पासून मारुतीने डिझेल बंद केलं तरी रस्त्यावर अजून ढिगाने आहे. त्याला क्रँक आणि कॅम ठरल्या जागी अडकवायला क्रँकची वेगळी आणि कॅमच्या वेगळ्या लॉकिंग पिना येतात. कॅमच्या पिना बसल्या आणि क्रँकची पिन भोकाच्या तोंडाशीच अडली, की चेन कव्हर न उघडता कळतं की टायमिंग मागे पडलंय. हे व्हाइटनरने कळेल का? तुम्ही खुणा करता त्या इंजिन जसं आत्ता आहे तशा करता. जुनीच एक दात चुकलेली असेल तर तुमच्या खुणांसकट ती चूक नव्या चेनवर जाते.

मिरजेचा फिटर
साहेब, गॅरेजमध्ये कधी उभं राहिलात का? जिथे कॅमचं आणि क्रँकचं स्प्रॉकेट चावीवर (शाफ्टच्या खाचेतल्या लोखंडी तुकड्यावर) बसतं तिथे ते पाव दात इकडे तिकडे होऊच शकत नाही. दात पूर्ण मोजायचे असतात. दोन खुणांमधल्या कड्या जुन्या चेनवर मोजल्या, तितक्याच नव्या चेनवर धरल्या, नवी चेन आखूड आहे म्हणून मागे पडलेला कॅम आपोआप जागेवर येतो. तुमच्या त्या पिनांची त्यात गरज काय? माझ्या वडलांनी आयुष्यभर असंच काम केलं आणि गाड्या परत आल्या नाहीत. आज पोरं यूट्यूब बघतात, हजारो रुपयांची किट मागवतात आणि खालचं ऑईलचं चेंबर लावताना सीलंट इतकं थापतात की तेच ऑईलच्या जाळीत जाऊन बसतं. चेन त्याने मरते. त्यावर लिहा की कधीतरी.

टॉर्कपाना
फिटरदादांचं चावीबद्दलचं बरोबर आहे, पण अर्धंच. बऱ्याच इंजिनांत कॅमच्या स्प्रॉकेटला चावीच नसते, ते निव्वळ बोल्टच्या आवळणीवर धरलेलं असतं. बोल्ट सैल केला की स्प्रॉकेट कॅमवर मोकळं फिरतं आणि व्हॉल्वच्या स्प्रिंगा कॅमला स्वतःच्या मर्जीने ढकलतात. तिथे कॅम लॉक केल्याशिवाय पाना लावायचाच नाही. आणि बोल्ट आवळताना कॅम पिनेवर पीळ घेऊन आवळायचा नाही, स्प्रॉकेट वेगळं धरायचं, नाहीतर पिन वाकते किंवा कॅमची खाच फुटते. माझा अनुभव चाकणच्या टेस्ट बेडवरचा, म्हणजे इंजिन बांधून तपासतात तिथला, आहे, रस्त्यावरचा नाही, हे आधीच सांगतो म्हणजे कुणी विचारायला नको.

तळेगावकर
@मिरजेचा फिटर, चावी असेल आणि जुनी चेन एकही दात चुकलेली नसेल तर कड्या मोजून काम होतं, हे मान्य. पण ती चुकलेली नाही हे तुम्ही कशावरून ठरवता? गाडी आली तेव्हा खळखळत होती म्हणूनच आली ना? खळखळणाऱ्या चेनवर डोळे झाकून विश्वास ठेवायचा आणि तिच्याच कड्या मोजायच्या, हे मला पटत नाही. आणि मूळ पोस्टमध्ये "चावी असेल तर" असं कुठे लिहिलंय? सरसकट लिहिलंय. वाचणारा आपली गाडी कोणती ते न बघता करायला जाईल.

अण्णा_नगरचे
आमच्या मेहुण्यांच्या गाडीचं सांगतो. सर्व्हिस सेंटरवाल्यांनी दोनदा सांगितलं आवाज नॉर्मल आहे, चेन लाईफटाईम आहे, बिल मात्र दोन्ही वेळा फाडलं. तिसऱ्यांदा गाडी सुप्याच्या पुढे बंद पडली ती पडलीच, व्हॉल्व वाकलेले, हेड उतरलं. मग ते म्हणतात ऑईल बाहेर बदललं होतं का? म्हणजे आमचीच चूक. त्यामुळे शोरूमवाल्यांची बाजू घेणारे इथे कोण आहेत त्यांनी जरा दमानं घ्या.

तळेगावकर
अण्णा, मी शोरूमची बाजू कुठे घेतली? मी पिनांची बाजू घेतोय. पिना नाक्यावरच्या गॅरेजमध्ये पण असू शकतात आणि मोठ्या सेंटरमध्ये कपाटात कुलपात पडलेल्या पण असू शकतात. तुमच्या मेहुण्यांच्या गाडीला कुणीतरी दुसऱ्याच वेळी पिन घालून बघितली असती तर हेड वाचलं असतं.

नवा_गडी
मध्येच विचारतो. आमच्याकडे पेट्रोल गाडी आहे, चेन बदलली, मेकॅनिकने नव्या चेनमधल्या रंगीत कड्या स्प्रॉकेटच्या खुणांवर बरोबर जुळवल्या, मी फोटो पण काढला. मग त्याने पुलीच्या बोल्टला पाना लावून हाताने दोन फेरे फिरवलं आणि रंगीत कड्या खुणांवरून पार गायब. मी म्हटलं चुकलं, परत उघडा. तो म्हणतो असंच असतं. आमची चांगलीच जुंपली. खरं काय?

टॉर्कपाना
तुझा मेकॅनिक बरोबर आहे, त्याची माफी माग. रंगीत कडी फक्त चढवतानाच्या उपयोगाची. क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एक होतो, स्प्रॉकेटवरच्या खुणा परत जागेवर येतात, पण चेन तेवढ्यात पूर्ण फिरलेली नसते. समजा क्रँकला १८ दात, कॅमला ३६ आणि चेनला १२२ कड्या. दोन फेऱ्यांत ३६ कड्या सरकतात. रंगीत कडी आणि खुणा एकत्र यायला क्रँकचे १२२ फेरे लागतील. फेरे मारल्यावर बघायच्या त्या स्प्रॉकेटच्या खुणा, नाहीतर पिना परत जातात का ते. आणि हाताने फिरवताना मध्येच कडक लागलं तर जोर करायचा नाही, व्हॉल्व पिस्टनला टेकलाय. तो दोन फेरे फिरवतो म्हणजे काम जाणणारा माणूस आहे, बरेच जण सरळ सेल्फ मारतात.

मिरजेचा फिटर
हे मात्र शंभर टक्के. आणि टेन्शनरची पिन काढायची राहते त्याचं पण लिहा. नवा टेन्शनर दाबून पिन घालून येतो, चेन चढवून झाली की ती ओढायची. गिऱ्हाईक डोक्यावर उभं असतं, फोन वाजतो, पिन आतच राहते, कव्हर लागतं. पहिल्या सेल्फला चेन उडते. पिना, टॉर्क सगळं बरोबर असून काम मातीत.

सविता_कुडाळ
चेन दात उडी मारते ती चालू गाडीतच असं कुणी सांगितलं? उभ्या गाडीत पण होते. चढावर तोंड करून पहिल्या गिअरवर उभी केली की गाडी मागे ओढते आणि इंजिनाला उलटं फिरवायला बघते. ऑईलचं प्रेशर शून्य, टेन्शनर मागे गेला, चेन सैल. आमच्या गॅरेजवाल्यानेच सांगितलंय की चढावर रिव्हर्स टाका, उतारावर पहिला, म्हणजे इंजिन फिरलं तरी सुलटं फिरेल.

घाटातला
ताई हे कुठलं शास्त्र? ड्रायव्हिंग स्कूलपासून ट्रकवाल्यांपर्यंत सगळे शिकवतात चढावर पहिला, उतारावर रिव्हर्स. पसरणी, वरंधा, आंबेनळी, सगळीकडे अशीच लावली. हँडब्रेक नीट ओढा म्हणजे गिअरचा प्रश्नच येत नाही. लोकांना हँडब्रेक ओढायचा कंटाळा आणि दोष चेनला.

सविता_कुडाळ
तुम्ही घाटातून जाता, आम्ही इथे राहतो. पावसाळ्यात हँडब्रेक ओढून गाडी आठवडाभर उभी करून बघा. मागचे ब्रेक शू ड्रमला गंजून चिकटतात, सकाळी गाडी हलत नाही, आणि हलली तर धाडकन आवाज करून लायनर सोडून येते. इथे जवळजवळ प्रत्येक घरात गाडी गिअरवर आणि चाकाखाली दगड. कंटाळा म्हणू नका.

घाटातला
मग दगड लावा ना, गिअर कशाला? आणि उलट गिअर टाकलात आणि सकाळी विसरून सेल्फ मारला तर गाडी चढावरून मागे जाईल, मागे कोण उभं आहे बघितलंत का? चेन वाचवायला पोरगं चिरडायचं का?

सविता_कुडाळ
हे फार झालं. पोराबाळांवर जायची गरज नव्हती. क्लच दाबल्याशिवाय सेल्फ मारणारा माणूस पहिल्या गिअरवर पण पुढच्याला उडवेलच. मी चेनबद्दल बोलत होते.

अण्णा_नगरचे
सविताताईंचं बरोबर आहे, आमच्याकडे कोरडं हवामान तरी ड्रम चिकटतात, गाडी धुऊन लगेच हँडब्रेक ओढला की. आणि केबलचं काय, केबल बदलायचे आमच्याकडून किती घेतले विचारूच नका.

टॉर्कपाना
दोघंही थोडे थांबा. चढावर पहिल्या गिअरला इंजिन उलटं फिरायला बघतं, हे खरं आहे. पण बऱ्याच टेन्शनरना दातेरी पट्टी असते, चेनला दाबणारा दांडा (प्लंजर) एकदा बाहेर आला की मागे जात नाही, प्रेशर असो नसो. तिथे ताईंचा धोका जवळजवळ नाही. ज्यांना पट्टी नाही, किंवा चेन आधीच लांबलीय, तिथे धोका खरा. म्हणून ब्रेकवर पाय ठेवून न्यूट्रलला हँडब्रेक ओढायचा, मग ब्रेक हळू सोडून गाडीचा भार हँडब्रेकवर बसू द्यायचा आणि शेवटी गिअर टाकायचा. बरेच जण आधी गिअर टाकून ब्रेक सोडतात, गाडी हिसका मारून इंजिनावर बसते. हँडब्रेक वापरायचाच नसेल तर आधी दगड, मग ब्रेक सोडायचा, मग गिअर.

घाटातला
क्रम मान्य. शिकवलं मात्र तेच बरोबर, चढावर पहिला. ते मी बदलणार नाही.

तळेगावकर
धागा चेनच्या टायमिंगचा आहे हो, हँडब्रेकचा नवीन काढा. माझा मुद्दा अजून तिथेच आहे. ज्याने ती मूळ पोस्ट टाकली तो इथे फिरकलेला नाही, पण त्याच्या पोस्टवर जाऊन लोक अजून "धन्यवाद, रविवारी करतो" असं लिहितायत. घरी करणाऱ्याने निदान एवढं करा : उघडायच्या आधी पिना जातात का बघा, म्हणजे चेन कुठे होती ते कळेल. चेन, दोन्ही गाईड आणि टेन्शनर एकदम बदला, नुसती चेन बदलून जुन्या झिजलेल्या गाईडवर चढवू नका. पेट्रोलवाल्यांनी स्कॅनर लावून पी००१६ येतो का बघा, तो क्रँक-कॅमचा मेळ बसत नसल्याचाच कोड आहे. निव्वळ सेन्सर किंवा वायरिंगनेही येतो, म्हणून लगेच चेनच बदलायला धावू नका, पण दुर्लक्षही करू नका.

मिरजेचा फिटर
गाईड आणि टेन्शनर एकदम, यावर वाद नाही. पिनांचं, बरं, चुलतभावाच्या गॅरेजला मल्टिजेटचं किट आहे, पुढच्या खळखळत्या गाडीला मागून आणतो आणि उघडायच्या आधी घालून बघतो. पिन सरळ आत गेली तर इथे येऊन लिहीन की माझ्या मोजलेल्या कड्याच बरोबर होत्या.

तळेगावकर
लिहा. नाही गेली तरी लिहा.

सविता_कुडाळ
घाटातले साहेब, तुमचं उत्तर राहिलंय. पावसात आठवडाभर उभी असलेली गाडी तुम्ही कशी लावता?

घाटातला
आठवडाभर उभी राहतच नाही माझी. राहिली तर पहिला गिअर आणि दोन चाकांना दगड. हँडब्रेक नाही ओढणार, तुमच्याकडे तरी.