जीपीएस स्पूफिंग, कारगिलचा फॉरवर्ड आणि आपलं नाविक: जाणकारांनी सांगावं

मुक्ता_चिपळूण

नमस्कार मंडळी. माझा धाकटा भाऊ मर्चंट नेव्हीत थर्ड मेट, म्हणजे कनिष्ठ अधिकारी, आहे. जून २०२५ मध्ये इराण-इस्रायलची जुंपली तेव्हा त्याचा टँकर होर्मुझच्या तोंडाशी होता. फोनवर म्हणाला, "ताई, आमचं जहाज सध्या वाळवंटात उभं आहे." आईला वाटलं थट्टा करतोय. मग त्यानं सांगितलं की जीपीएस भलतीच जागा दाखवतंय.

अंतराळातलं युद्ध म्हणजे मला वाटायचं, क्षेपणास्त्र सोडायचं आणि उपग्रह फोडायचा. इथे तर कुणी काही फोडलंच नाही. मग हे होतं कसं? आणि आमच्या माहेरच्या ग्रुपवर दर कारगिल दिनाला फिरतं की १९९९ मध्ये अमेरिकेनं आपलं जीपीएस बंद केलं होतं. हे खरं का? आता नाविक, म्हणजे भारताचं स्वतःचं जीपीएस, आहे म्हणजे आपण निर्धास्त का?

खडकवासला_७९

ताई, २७ मार्च २०१९, मिशन शक्ती, आपण क्षेपणास्त्रानं उपग्रह फोडला. तीन मिनिटांत खेळ खलास. हे जमलेले जगात चारच देश. कुणी वाकड्या नजरेनं बघणार नाही आपल्याकडे. बाकी जॅमिंग-बिमिंग किरकोळ.

केळशीकर

खडकवासला, किरकोळ म्हणायला तुम्ही ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवायच्या कक्षात, नव्हतात म्हणून. उपग्रह फोडायची ताकद असावी, ना नाही. पण ती वापरली की कचरा सगळ्यांच्याच वाट्याला येतो. चीननं जानेवारी २००७ मध्ये स्वतःचा हवामान उपग्रह ८६५ किलोमीटर उंचीवर फोडला, त्याचे तीन हजारांवर तुकडे नोंदले गेले आणि त्यातले कितीतरी अजून फिरताहेत. आपण मुद्दाम तीनशे किलोमीटरच्या आत, आपल्याच मायक्रोसॅट-आरवर नेम धरला, तुकडे लवकर खाली येऊन जळावेत म्हणून. रशियानं नोव्हेंबर २०२१ मध्ये हाच उद्योग केला तेव्हा अवकाश स्थानकातल्या सगळ्यांना परतीच्या यानांत जाऊन बसावं लागलं. त्यात त्यांचे स्वतःचेही दोघे होते!

मुक्ताताई, मी मास्टर, म्हणजे जहाजाचा कॅप्टन, म्हणून निवृत्त झालो, तेव्हा तुमच्या भावाचं दुखणं मला चांगलं ठाऊक आहे. जीपीएसचे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटरवरून बोलतात. आपल्यापर्यंत पोचेस्तोवर त्या सिग्नलात जीव उरत नाही. जत्रेत लाउडस्पीकरखाली उभं राहून कुणाची कुजबुज ऐकायची, तसं. किनाऱ्यावरून कुणी त्याच फ्रीक्वेन्सीवर गोंगाट केला की रिसीव्हर बहिरा. हे जॅमिंग. ते एका परीनं परवडलं, कारण ब्रिजवर नुसता कल्लोळ होतो. एकडिस, म्हणजे नकाशाचा स्क्रीन, ओरडतं, जहाजांच्या जागा एकमेकांना कळवणारं एआयएस ओरडतं, दिशा दाखवणाऱ्या जायरोला वेग आणि अक्षांश जीपीएसकडून मिळत असेल तर तोही कुरकुरतो. झोपलेला कॅप्टन आपोआप वर येतो.

स्पूफिंग मुकाट येतं. खोटा सिग्नल खऱ्याच्या वेषात असतो, रिसीव्हर खूश, अलार्म वाजेलच असं नाही, आणि स्क्रीनवर जहाज हळूहळू बाजूला सरकत जातं. माझ्या थर्ड मेटना मी सांगायचो की एकडिसवर रडारची प्रतिमा चढवून ठेव. नकाशातला किनारा आणि रडारला दिसणारा किनारा एकावर एक बसले पाहिजेत. मध्ये फट दिसली की जीपीएसवरचा भरवसा तिथेच संपला. मग बाकीचं बघायचं: पाण्यातला वेग मोजणाऱ्या लॉगवर तेरा नॉट आणि जीपीएसवर शून्य, खोली मोजणारा इको साउंडर म्हणतो खाली चाळीस मीटर पाणी आणि नकाशात तिथे जमीन. २०१७ च्या जूनमध्ये काळ्या समुद्रात, नोव्होरोसिस्कच्या बाजूला, वीसेक जहाजांना असा फटका बसला होता. त्यातलं एक तर गेलेंजिकच्या विमानतळावर 'उभं' होतं.

होर्मुझला जून २०२५ मध्ये दिवसाला हजाराच्या घरात जहाजांना हा त्रास होता. १७ जूनला पहाटे फ्रंट ईगल आणि अडलिन हे दोन टँकर एकमेकांवर आदळून पेटले. यूएईनं खापर जहाजाच्या चुकलेल्या अंदाजावर फोडलं. असेल. पण अंधारात समोरच्यांचे एआयएसचे ठिपके स्क्रीनवर उड्या मारत असताना वॉच ठेवणाऱ्याचा अंदाज चुकला तर मला नवल वाटणार नाही.

आता कारगिल. १९९९ मध्ये जीपीएसच्या नागरी सिग्नलमध्ये अमेरिका मुद्दाम चूक घालायची, शंभर मीटरपर्यंतची, आणि ती साऱ्या जगाला सारखीच. आम्ही जहाजवाले तेच वापरत होतो, युद्धाच्या आधीही आणि नंतरही. ती चूक त्यांनी २ मे २००० ला काढली. अचूक लष्करी सिग्नल सांकेतिक. तो त्यांच्या फौजेला आणि मर्जीतल्या देशांना. म्हणजे कुणी कारगिलपुरतं बटण बंद केलं, हे चित्र खोटं आहे. दार आपल्यासाठी उघडंच नव्हतं. डोंगरमाथ्यावरच्या बंकरवर तोफ लावायची असेल तर शंभर मीटर म्हणजे पलीकडची दरी.

एल्बकाठी

मी हांबुर्गला असतो, नेटवर्कचं काम. केळशीकरांनी हवेतलं सांगितलं, मी तारेतलं सांगतो.

२४ फेब्रुवारी २०२२. रशियन फौजा युक्रेनमध्ये शिरायच्या तासभर आधी व्हायासॅट कंपनीच्या का-सॅट उपग्रहावरून इंटरनेट देणारे हजारो मोडेम मेले. उपग्रहाला कुणी बोटही लावलं नव्हतं. इटलीतल्या नियंत्रण केंद्राचं व्हीपीएन, म्हणजे दुरून आत यायची सुरक्षित वाट, नीट लावलेलं नव्हतं, तिथून आत शिरले, आणि मोडेमना रीतसर वाटणाऱ्या आज्ञा देऊन त्यांची फ्लॅश मेमरी पुसून टाकली. इकडे जर्मनीत ५,८०० पवनचक्क्यांचा दूरसंपर्क तुटला. पाती फिरत होती, वीज येत होती, पण ऑफिसात बसून त्यांच्याकडे बघता येईना. ग्राहकांना तीस हजारांच्या आसपास नवे मोडेम पाठवावे लागले.

युरोपियन युनियन, ब्रिटन आणि अमेरिकेनं जाहीरपणे रशियाचं नाव घेतलं १० मे रोजी. अडीच महिने! खडकवासला, अशा वेळी तुमचं क्षेपणास्त्र कुणावर सोडणार?

खडकवासला_७९

मुद्दा बिनतोड. पण म्हणूनच तर नाविक बांधलं ना आपण? की त्यातही खोट काढणार?

केळशीकर

खोट कशाला काढू, घड्याळांनी ती आधीच काढलीय. नाविकचा पहिला उपग्रह जुलै २०१३ ला गेला. त्यात बाहेरून घेतलेली तीन रुबिडियमची अणुघड्याळं होती, तिन्ही बंद पडली. घड्याळ एका मायक्रोसेकंदानं हुकलं तर अंतर तीनशे मीटरनं हुकतं, त्यामुळे घड्याळाविना तो उपग्रह जागा सांगायला निकामी. बदली म्हणून ऑगस्ट २०१७ मध्ये पाठवलेला उष्णताकवच न उघडल्यानं वाया गेला. मे २०२३ च्या एनव्हीएस-०१ या नव्या पिढीच्या उपग्रहात स्वदेशी घड्याळ बसलं, तेव्हा बरं वाटलं. पुढचा एनव्हीएस-०२ जानेवारी २०२५ ला श्रीहरिकोटाच्या शंभराव्या उड्डाणातून गेला, आणि व्हॉल्व्ह न उघडल्यामुळे ठरल्या कक्षेत पोचलाच नाही.

तरी नाविक हवंच. त्यात सैन्यासाठी वेगळी सांकेतिक सेवा आहे, कारगिलला जी नव्हती ती. शिवाय ते एस बँड या वेगळ्या फ्रीक्वेन्सी-पट्ट्यावरही बोलतं, जिथे जीपीएस नसतं. म्हणजे फक्त जीपीएससाठी लावलेल्या जॅमरच्या तावडीतून सुटायची सोय आहे. एल-५ या दुसऱ्या पट्ट्यावर मात्र दोघं एकाच फ्रीक्वेन्सीवर, तिथे एकाच दगडात दोन्ही पडतात. देशाच्या भोवती १५०० किलोमीटरपर्यंत ते चालावं अशी आखणी आहे. होर्मुझ त्यात बसतं, काळा समुद्र नाही.

आणि हे फक्त समुद्रावरचं नाही. नोव्हेंबर २०२३ ते फेब्रुवारी २०२५ मध्ये सीमेलगत, मुख्यतः अमृतसर-जम्मूकडे, विमानांना जीपीएसचा असा त्रास झाल्याच्या ४६५ नोंदी सरकारनंच संसदेत सांगितल्या.

आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेनं नाविकला २०२० मध्ये मान्यता दिली. पण जहाजावर तो सिग्नल घेणारा रिसीव्हर नसेल तर मान्यतेचा कागद घेऊन काय करायचं? मालक लोक नियमात आहे तेवढंच बसवतात, त्यापलीकडे एक पैसा नाही. मुक्ताताई, भावाला विचारा त्याच्याकडे कुठला आहे.

मुक्ता_चिपळूण

विचारलं. जीपीएस आणि रशियाचं ग्लोनास, एवढंच. रडार चढवून ठेवायचं म्हटलं तर म्हणाला, कॅप्टनला स्क्रीनवर गर्दी आवडत नाही, बंद ठेवायला लावतात. पुढच्या आठवड्यात परत तिकडेच जायचंय त्याला.

केळशीकर

मग दुसऱ्या रडारवर पॅरलल इंडेक्स लावून ठेव म्हणावं. एखादं बेट किंवा ठळक टोक धरायचं, ठरलेल्या अंतरावर रेघ मारायची, आणि त्याचा प्रतिध्वनी त्या रेघेवरून सरकतोय की नाही एवढं बघायचं. त्याला जीपीएस लागत नाही आणि कॅप्टनची परवानगीही लागू नये. दर पंधरा मिनिटांनी रडारवर दोन-तीन अंतरं घेऊन जागा हातानं मांडायची, जीपीएस कितीही शहाण्यासारखं वागत असलं तरी.