मदत हवी आहे: जुन्या ऑस्ट्रेलियन टीव्हीसारखी क्राइम टेलिफिल्म, आतले आणि बाहेरचे सीन वेगळे कसे दाखवायचे?

नमस्कार मंडळी,

आम्ही मेलबर्नमधले काही जण मिळून एक छोटी क्राइम टेलिफिल्म करतोय, पैसे सगळे खिशातले. गोष्ट १९६५ च्या मेलबर्नमधली, एक खून आणि दोन डिटेक्टिव्ह, आणि तेव्हा टीव्हीवर लागली असती तर जशी दिसली असती तशीच ती दिसायला हवी असा आमचा हट्ट आहे. तिथेच गाडं अडलंय.

समोर नमुना आहे 'होमिसाइड'चा. ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी, क्रॉफर्ड प्रॉडक्शन्सची ही मालिका ऑक्टोबर १९६४ मध्ये मेलबर्नच्या एचएसव्ही-७ या चॅनलवर सुरू झाली, १९७७ पर्यंत चालली, ५१० भाग. ती सुरू व्हायच्या आदल्याच वर्षी ऑस्ट्रेलियन सिनेटच्या विन्सेंट कमिटीने सांगितलं होतं की इथल्या टीव्हीवरचा ९७ टक्के ड्रामा अमेरिकेतून येतो. अशा वेळी रसेल स्ट्रीटच्या पोलीस हेडक्वार्टरसमोर गाडीतून उतरणारे, इथल्याच बोलीत बोलणारे पोलीस लोकांना घरबसल्या दिसायला लागले, तेही तुटपुंज्या बजेटमध्ये. मला तर हे काम फार मोठं वाटतं.

खर्च आवाक्यात ठेवायला आतले सीन स्टुडिओत व्हिडिओ टेपवर आणि बाहेरचे रस्ते, पाठलाग वगैरे १६ एमएम फिल्मवर असा मामला होता. त्यामुळे माणूस दार उघडून बाहेर पडला की चित्रच बदलतं, आत सगळं गुळगुळीत आणि सपाट, बाहेर दाणेदार आणि जरा अडखळत चालल्यासारखं. मला नेमका हा सांधा हवाय, लपवायचा नाहीये. आम्ही टेस्ट म्हणून सगळं २५ फ्रेमला शूट केलं, एडिटमध्ये ब्लॅक अँड व्हाइट करून वर ग्रेन टाकला, पण आतबाहेर सगळं एकसारखंच दिसतंय, मोबाईलचा फिल्टर मारल्यासारखं. चौकशीच्या खोलीचा सेट कम्युनिटी हॉलमध्ये लावलाय, तीन कॅमेरे आहेत. काय बदलू? कुणी असं काम केलं असेल तर प्लीज सविस्तर सांगा.

प्रतिसाद

ग्रेन आतल्या सीनवरून आधी काढून टाका, टेपला फिल्मचा ग्रेन नसतो. खरा फरक हालचालीत आहे. तेव्हाचा व्हिडिओ सेकंदाला ५० फील्डचा (फील्ड म्हणजे एकाआड एक ओळींचं अर्धं चित्र) आणि फिल्म २५ फ्रेमची, म्हणून आतले सीन ५०पी ला, म्हणजे सेकंदाला ५० पूर्ण फ्रेमने शूट करा, बाहेरचे २५ लाच ठेवा आणि टाइमलाइन ५०पी ची घ्या, बाहेरची प्रत्येक फ्रेम आपोआप दोनदा येईल. शटर दोन्हीकडे १/५०. फ्रेम ४:३.

दुसरं म्हणजे लाइट. तीन कॅमेरे एकदम चालू असले की सगळ्यांना पुरेल असा वरून, सारखा उजेड द्यावा लागतो, सपाटपणा त्यातूनच येतो. त्या काळच्या स्टुडिओ कॅमेऱ्यात इमेज ऑर्थिकॉन ट्यूब असायची, तिच्यात दिवा किंवा चमकणारं काही आलं की त्याच्याभोवती काळसर कडा दिसते. टेबललॅम्पभोवती ती हलकीशी काढून बघा, चेहऱ्यांवर नको. आणि कट एडिटमध्ये जमवत बसू नका, २ इंची टेप कापून जोडणं फार किचकट काम होतं म्हणून सीन शक्यतो सलग घ्यायचे. तुमच्या नटांना पूर्ण सीन पाठ हवा.

धागाकर्ता

खूप खूप आभार! शटरचं तर डोक्यातच आलं नव्हतं. नटांना आजच कळवतो, चौकशीचा सीन सलग सहा मिनिटांचा आहे, तालमी वाढवाव्या लागतील. आता प्रश्न उरला वरच्या लाइटचा, हॉलच्या छताला काही टांगायची परवानगी नाही. उंच स्टँड आणि आडवा पाइप लावून तीन कॅमेऱ्यांना पुरेल असा उजेड मिळेल का, की बूम माइकची (लांब दांड्यावरून वर धरलेल्या माइकची) सावली भिंतीवर पडेल? मेलबर्नमध्ये कुणाकडे असे स्टँड भाड्याने मिळत असतील तर व्यनि करा.