बालीत खासगी गाडीने एक दिवस: कोणती ठिकाणे ठेवावीत आणि कोणती सोडावीत?

वेरूळवाट (छत्रपती संभाजीनगर):

नमस्कार. गुढीपाडव्याच्या सुट्टीला जोडून मी, पत्नी, महाविद्यालयात शिकणारी दोन मुले आणि सत्तरी ओलांडलेली आई असे पाच जण बालीला जाण्याच्या विचारात आहोत. मुक्काम उबुदला असेल. समुद्रकिनाऱ्यासाठी वेगळा वेळ राखला आहे. मात्र तेथील देवळे, भातशेती आणि डोंगर पाहण्यासाठी एकच दिवस मिळतो, आणि त्या दिवशी चालकासह खासगी गाडी घ्यावी, असे घरात ठरले आहे.

एका प्रवासी कंपनीने पाठविलेल्या कार्यक्रमात बेरातान सरोवरातील मंदिर, तेगालालांगची भातखाचरे, तीर्ता एम्पुल, एक धबधबा, कॉफीचा मळा, तानाह लोत आणि संध्याकाळी उलुवातूच्या कड्यावर केचाक नृत्य, असे सारे एकाच दिवसात बसविले आहे. नकाशा पाहिल्यापासून मला या कार्यक्रमाची शंका येऊ लागली आहे. हे खरोखर होण्यासारखे आहे का, आणि नसेल तर काय ठेवावे? आईला गुडघ्यांचा त्रास आहे, आम्ही सर्व शाकाहारी आहोत, आणि लेण्यांच्या परिसरात वाढल्यामुळे तेथे कातळात कोरलेले काही असल्यास ते पाहण्याची माझी स्वतःची इच्छा आहे. मुलांना उंच झोक्यावर बसून छायाचित्रे काढायची आहेत, तो विषय मी तूर्त बाजूला ठेवतो.

गोदाकाठ (नांदेड):

हा कार्यक्रम कागदावरच शक्य आहे. बालीत रेल्वे नाही, रस्ते अरुंद आहेत आणि दक्षिण भागात वाहनांची गर्दी दिवसभर हटत नाही. बेरातान मध्य डोंगराळ भागात, तानाह लोत नैर्ऋत्य किनाऱ्यावर आणि उलुवातू दक्षिणेच्या अगदी टोकाला आहे. उबुदहून उलुवातूला जाण्यासच सुमारे दोन तास धरावे लागतात. असा दिवस काढला, तर आईंना देवळांपेक्षा गाडीची काचच अधिक दिसेल.

त्याऐवजी उबुदच्या उत्तरेला एकाच पट्ट्यात राहावे, असे मी सुचवेन. तांपाकसिरिंग गावाजवळ तीर्ता एम्पुल आणि गुनुंग कावी ही दोन स्थळे एकमेकांपासून अवघ्या दोनेक किलोमीटरवर आहेत, तेथून तोच रस्ता वर किंतामानीला, म्हणजे बातुर ज्वालामुखीच्या काठावर जातो, आणि परतताना तेगालालांग लागते. संध्याकाळी उबुदच्या राजवाड्याच्या आवारात किंवा गावातील एखाद्या देवळात नृत्य पाहता येते. समुद्रावर मावळता सूर्य आणि त्यासमोर केचाक हे दृश्य सुंदर असते, यात वाद नाही. परंतु ते समुद्रकिनाऱ्याच्या मुक्कामात पाहावे.

आपण कातळातील कामाविषयी विचारले आहे, त्यासाठी गुनुंग कावी चुकवू नये. अकराव्या शतकात पकेरिसान नदीच्या दोन्ही काठांच्या कड्यांत सुमारे सात मीटर उंचीची दहा स्मारके कोरलेली आहेत आणि ती बालीचा राजा उदयन याच्या घराण्याशी, विशेषतः त्याचा पुत्र अनक वुंग्सू याच्याशी, जोडली जातात. वेरूळचे कैलास लेणे चारही बाजूंनी मोकळे केलेले आहे; येथे मात्र कोनाडा खोदून त्याच्या आत मंदिराचा दर्शनी भाग तेवढा उठविला आहे, आत शिरण्यास गाभारा नाही. त्यामुळे वेरूळ मनात धरून गेलेला माणूस पहिल्या क्षणी थोडा हिरमुसतो. मग बाजूच्या, साधकांच्या म्हणून दाखविल्या जाणाऱ्या खोल्या, खालची नदी आणि वरची भातशेती हे सर्व एकत्र दिसू लागते आणि जागेचे महत्त्व ध्यानात येते. अडचण एवढीच, की खाली उतरण्यास सुमारे 300 पायऱ्या आहेत आणि त्या पुन्हा चढाव्या लागतात.

खर्चाचे म्हणाल, तर सहा-सात आसनांची गाडी, चालक आणि इंधन मिळून आठ ते दहा तासांसाठी सुमारे सहा ते आठ लाख रुपिया सांगितले जातात. आकड्याने घाबरू नये. आपल्या एका रुपयाला तेथील 180 ते 190 रुपिया पडतात. प्रवेशशुल्क वेगळे असते. पार्किंग आणि चालकाचे जेवण भाड्यात धरले आहे का, आणि ठरलेले तास उलटल्यावर तासाला किती द्यायचे, हे आधी लिहून घ्यावे. चालक हा मार्गदर्शक असतोच असे नाही. देवळांची माहिती हवी असल्यास परवानाधारक मार्गदर्शक निराळा मागावा. आणि कॉफीच्या मळ्यावर किंवा चांदीच्या दुकानात थांबायचे नसेल, तर सकाळी निघतानाच तसे स्पष्ट सांगावे. उदमांजराच्या विष्ठेतील बियांची महागडी कॉफी दाखविण्यासाठी त्या प्राण्यांना अनेकदा पिंजऱ्यात ठेवलेले असते, ते पाहण्यात मला काही गोडी वाटली नाही.

आता सर्वांत महत्त्वाचे, जे खरे तर पहिल्या ओळीत यायला हवे होते. बालीतही शकगणना चालते आणि तेथील शकवर्षारंभाचा दिवस ‘न्येपी’ म्हणून पाळला जातो. त्या दिवशी संपूर्ण बेटावर व्यवहार बंद असतात, पर्यटकांनाही हॉटेलच्या आवाराबाहेर पडता येत नाही, आणि विमानतळसुद्धा 24 तास बंद राहतो. 2025 मध्ये न्येपी 29 मार्चला आणि पाडवा 30 मार्चला होता. 2026 मध्ये दोन्ही 19 मार्चलाच येतात. अधिक मासाच्या हिशेबामुळे कधी महिन्याचे अंतर पडते, जसे 2024 मध्ये न्येपी 11 मार्चला आणि पाडवा 9 एप्रिलला होता. तेव्हा तिकिटे काढण्यापूर्वी ही तारीख अवश्य पाहावी.

पाटपाणी (परभणी):

गोदाकाठ यांनी सुचविलेला पट्टा योग्यच आहे. मात्र तो का योग्य आहे, याचे माझ्या दृष्टीने खरे कारण पाणी हे आहे. मी पाटबंधारे खात्यात नोकरी केलेली असल्याने बालीला गेल्यावर माझे लक्ष झोक्यांपेक्षा पाटचाऱ्यांकडे अधिक होते, हे मान्य करतो.

बातुर सरोवर ज्वालामुखीच्या प्रचंड द्रोणात आहे आणि त्यातून एकही नदी उघड्यावर वाहत बाहेर पडत नाही. पाणी जमिनीत मुरते आणि खालच्या उतारांवर झऱ्यांच्या रूपाने वर येते, असे तेथे मानले जाते. तीर्ता एम्पुल हे अशाच एका मोठ्या झऱ्यावरचे तीर्थ आहे. त्याची स्थापना इसवी सन 962 ची सांगितली जाते. कुंडात लोक स्नान करतात, आणि तेच पाणी पुढे पकेरिसानच्या खोऱ्यातील भातशेतीला मिळते. म्हणजे सरोवर, झरा, तीर्थ आणि खाचर ही एकाच पाण्याची वाट आहे, आणि एका दिवसात ती पाहून होते.

या पाण्याचे वाटप ‘सुबक’ नावाच्या शेतकरी संघटना करतात. एका बंधाऱ्यावर किंवा एका पाटावर भिजणारी सर्व खाचरे एका सुबकात येतात, मग शेतकऱ्यांची गावे वेगवेगळी का असेनात. पाटात लाकडी अडसर बसवून त्यावर हिश्श्याप्रमाणे खाचा पाडलेल्या असतात, त्यामुळे पाणी वाढो वा घटो, वाटा आपोआप प्रमाणातच जातो. अनेक सुबकांच्या पेरणीचे वेळापत्रक पाण्याच्या देवळांमध्ये ठरते आणि या साखळीच्या शिरोभागी बातुरचे देऊळ आहे. 1926 च्या उद्रेकात मूळ गाव आणि देऊळ लाव्ह्याखाली गेल्यावर ते द्रोणाच्या काठावर, सध्याच्या जागी, पुन्हा उभारण्यात आले. ही सारी व्यवस्था युनेस्कोने 2012 मध्ये जागतिक वारशाच्या यादीत घेतली.

आपल्याकडील वाचकाला यात पडणारा प्रश्न एकच आहे: वरचा शेतकरी खालच्याला पाणी सोडतो तरी का? जायकवाडीच्या कालव्यावर टेलच्या, म्हणजे शेवटाकडील, गावांनी आवर्तनाची वाट पाहत काढलेले हंगाम ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना ही शंका येणारच. आणि नाथसागरासाठी, म्हणजे जायकवाडीच्या जलाशयासाठी, वरच्या धरणांतून किती पाणी सोडावे, याचा वाद तर आपल्याकडे न्यायालयापर्यंत गेलेला आहे. बालीतील उत्तर केवळ श्रद्धेत नाही, ते किडीत आहे. शेजारची सर्व शिवारे एकाच वेळी लावली आणि एकाच वेळी पडीक ठेवली, तर किडीला खाण्यास काही उरत नाही आणि तिची साखळी तुटते. परंतु सगळ्यांनी एकदम लावणी करायची, तर खालच्यालाही त्याच आठवड्यात पाणी मिळाले पाहिजे. ते दिले नाही, तर तो उशिरा लावतो आणि त्याच्या शेतातील कीड वर चढते. वरच्याला कीड नको असते आणि खालच्याला पाणी हवे असते, म्हणून दोघेही देवळात एका बैठकीला बसतात. 1970 नंतरच्या काळात सरकारने अधिक उत्पन्नाचे वाण देऊन शक्य तितक्या वेळा भात लावण्याचा आग्रह धरला, तेव्हा हे वेळापत्रक विस्कटले आणि किडीने पिके गेली. पुढे स्टीफन लान्सिंग या अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञाच्या अभ्यासाने देवळांच्या वेळापत्रकामागील हा हिशेब जगापुढे आणला. आपल्याकडे पाणी वापर संस्थांचा कायदा 2005 मध्ये झाला. कागदावर तो वाईट नाही, मात्र वरच्या शेतकऱ्याला खालच्याची गरज भासावी असे त्यात काही नाही.

क्रमाबद्दल माझे मत गोदाकाठ यांच्यापेक्षा वेगळे आहे. आधी थेट वर किंतामानीला जावे, कारण दुपारकडे ढग उतरले की सरोवरही दिसत नाही आणि 1,717 मीटरचा बातुर डोंगरही दिसत नाही. त्यानंतर पाण्यासोबत खाली यावे.

बालाघाट (बीड):

वेरूळवाट दादा, आईंच्या आणि वहिनींच्या दृष्टीने थोडे लिहिते.

देवळात स्त्री-पुरुष सर्वांना कमरेखाली सारोंग, म्हणजे लुंगीसारखे गुंडाळायचे वस्त्र, आणि कमरेला पट्टा बांधावा लागतो. बहुतेक मोठ्या ठिकाणी ते प्रवेशाजवळ मिळतात. आईंनी नऊवारी किंवा पाचवारी नेसली असली, तरी पट्टा बांधावा लागतोच. मासिक पाळी सुरू असलेल्या स्त्रियांनी आत येऊ नये, असे फलक दारावर असतात. ते कोणाला पटो वा न पटो, दिवस ठरविताना मुलीला आणि वहिनींना त्याची कल्पना असलेली बरी. सर्वांत आतील आवार पूजेसाठी आलेल्यांसाठी राखलेले असते आणि तेथे पर्यटकांना सहसा सोडत नाहीत. आपण हिंदू आहोत एवढे सांगून दार उघडेल, असे गृहीत धरू नये. तेथील पूजापद्धती आपल्यापेक्षा बरीच निराळी आहे. पायाखाली नारळाच्या कोवळ्या पात्यांच्या छोट्या द्रोणांत फुले आणि तांदूळ ठेवलेले दिसतील. तो नैवेद्य असतो, त्यावर पाय पडू देऊ नये.

तीर्ता एम्पुलला स्नान करायचे असेल, तर वेगळा सारोंग भाड्याने घ्यावा लागतो. धारा एका ओळीत आहेत आणि त्यांतील काही मृतांच्या विधीसाठी राखलेल्या असल्यामुळे कोणत्या सोडायच्या, हे तेथील माणसाला विचारूनच पाण्यात उतरावे. पाणी गार असते आणि तळाचे दगड निसरडे असतात. आईंनी काठावर बसून पाहिले तरी मन भरते, आणि या आवारात चढ-उतारही फारसा नाही. गुनुंग कावीच्या वेळी मात्र त्यांच्यासोबत कोणीतरी वर थांबावे.

जेवणाबाबत एवढेच सांगते, की भाजी म्हणून मागितलेल्या पदार्थातही कोळंबीची वाटण, म्हणजे ‘तेरासी’, मिसळलेली असू शकते, विशेषतः सांबल या मिरचीच्या चटणीत. ‘तान्पा तेरासी, तान्पा तेलुर, तान्पा इकान’ असे म्हटले, की तेरासी, अंडे आणि मासळी टाळता येते. टोफू आणि तेंपे (आंबविलेल्या सोयाबीनची वडी) सर्वत्र मिळतात, आणि शेंगदाण्याच्या रसातील गादो-गादो आपल्याकडील कोणालाही आवडेल. त्यातील अंडे तेवढे काढायला सांगावे. किंतामानीच्या काठावरील मोठी बुफे उपाहारगृहे दृश्याचे पैसे घेतात, जेवणाचे नव्हे. दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी सोबत असू द्यावी.

वेरूळवाट (छत्रपती संभाजीनगर):

सर्वांचे आभार. न्येपीची माहिती वाचून घरात बैठकच झाली आणि प्रवास मे महिन्यात ढकलला आहे. तो तेथील कोरड्या हंगामाचा काळ आहे, असे दिसते. प्रवासी कंपनीचा कार्यक्रम नाकारला आहे. सकाळी लवकर किंतामानी, तेथून उतरत तीर्ता एम्पुल, मग मी आणि मुले गुनुंग कावीला, आणि संध्याकाळी उबुदमध्ये नृत्य, असे ठरत आहे. एकच शंका उरली आहे. पाटपाणी सर, तेगालालांगऐवजी जातिलुविहची भातशेती पाहणे अधिक योग्य ठरेल का?

पाटपाणी (परभणी):

शेती म्हणून जातिलुविह निःसंशय सरस आहे. बातुकारू डोंगराच्या पायथ्याशी दूरवर पसरलेली ती खाचरे वारसास्थळाचा भाग आहेत, तेथे तांबड्या तांदळाचे जुने वाण अजून पिकते, आणि पाटाच्या कडेने सपाट वाटेवरून आईंनाही थोडे चालता येईल. परंतु ते किंतामानीच्या विरुद्ध बाजूला, उबुदहून सुमारे दीड तासावर आहे, त्यामुळे या दिवसात ते बसवू नये. तेगालालांगला उंच-सखल पायऱ्या आणि दुकाने अधिक आहेत. रस्त्यावरील कट्ट्यावरून पाहिले तरी पुरते, आणि मुलांचा झोकाही तेथेच होईल.

गोदाकाठ (नांदेड):

क्रमाबाबत पाटपाणी सरांचे म्हणणे मला मान्य आहे. फक्त उबुदहून सात वाजण्यापूर्वी निघावे, कारण तीर्ता एम्पुलला दहानंतर सहलींच्या गाड्या एकदम येतात आणि कुंडात रांग लागते. विमानतळावरील व्हिसाचे माणशी पाच लाख रुपिया आणि 14 फेब्रुवारी 2024 पासून बाली प्रांत आकारत असलेले पर्यटक-शुल्काचे दीड लाख रुपिया हे दोन्ही खर्च गाडीच्या हिशेबाबाहेरचे आहेत. दुसरी रक्कम ‘लव्ह बाली’ या शासकीय संकेतस्थळावर घरूनच भरता येते, आणि पारपत्राची मुदत किमान सहा महिने शिल्लक असावी लागते.